रडवून घरी पाठवू नये

अंबत्तूरला संसार थाटला तेव्हा माझ्या तमिळची धाव भाजीवाल्यापर्यंत होती. त्याच्याशी भांडता यायचं, भाव पाडता यायचा, पण तो मध्येच हसतोय कशाला ते कळायचं नाही. नवरा गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात. सकाळी स्कूटरवरून जायचा तो दिवेलागणीला ग्रीसचा वास घेऊन परतायचा. मी साताऱ्याची, मराठी घेऊन बी.ए. झालेली, तोंडाळ म्हणून माहेरी प्रसिद्ध, आणि इथे दिवसभर बोलायला भिंती. एका घरी गणपतीच्या जेवणात कुणीतरी सांगितलं की कोडंबाक्कमला टीव्हीचे कार्यक्रम करणारी एक छोटी कंपनी मराठी येणारं माणूस शोधतेय. चेन्नईत त्यांना मराठी कशाला हवंय, हे विचारायच्या आधीच मी हो म्हणून बसले. त्या घाईला मी आजही दुवा देते.

दिग्दर्शक तिशीतला, तमिळ, सिनेमाच्या शाळेत शिकून आलेला. बोलायला मऊ, पण मनात एकदा काही धरलं की घोरपड. त्याने एका चॅनेलला पटवलं होतं की परदेशात जुने शोकान्त ऑपेरे टीव्हीसाठी चित्रित करतात, तसा आपणही आपला एक करू. आपल्याकडे कुठला आलाय ऑपेरा, असं चॅनेलवाल्यांनी विचारल्यावर तो म्हणाला, तंजावूरचा. तंजावूरला मराठी राजे होते तेव्हापासून पहिल्या नमनापासून अखेरपर्यंत गाऊन करायची नाटकं होती. भाषा मराठी, राग कर्नाटकी. त्यातलं एक नाटक एका घराण्यात टिकून होतं. देवळाच्या उत्सवात दरवर्षी व्हायचं, मग माणसं नोकऱ्यांसाठी चेन्नईला आली आणि बंद पडलं. सगळी पदं पाठ असणारं आता एकच माणूस उरलं होतं, गिंडीला राहणारी एक निवृत्त शिक्षिका.

त्यांना मी मामी म्हणायची. मुलींच्या शाळेत जन्मभर भूगोल शिकवलेला, तोही तमिळमधून. घरात मुलगा आणि बँकेत नोकरी करणारी सून. पहिल्या दिवशी मी मोठ्या तोऱ्यात गेले होते. म्हटलं, मराठी म्हणजे काय, आपलीच. मामी बोलायला लागल्या आणि माझा तोरा दारातल्या चपलांपाशी राहिला. शब्द ओळखीचे, पण चाल तमिळ, आणि मध्येच असं काही यायचं की वाटावं पणजी बोलतेय. सगळं म्हणायचं तिथे त्या ‘अस्कं’ म्हणायच्या. मलाही त्यांनी सोडलं नाही. माझं सगळं ऐकून घेऊन म्हणाल्या, “तुझी मराठी फार धावते की गे. कुठे आग लागलीय?”

नाटकाची गोष्ट साधी होती. राजाची लेक माहेरी आलेली असते, नवरा लढाईवर. एक दिवस त्याचा घोडा एकटाच परततो, खोगीर रिकामं. ते बघून लेक जी कोसळते ती पुन्हा उठत नाही. दुसऱ्या दिवशी नवरा पायी चालत सुखरूप येतो. घोडा नदीत बिथरून पळाला होता, एवढंच झालेलं असतं. मग लेकीच्या उशाशी बसून तिची आई, म्हातारी राणी, विलाप गाते. हे आईचं काम मामी स्वतः करणार होत्या, स्वतःच गाऊन. माझं काम असं की रात्रभर चालणारं नाटक पाऊण तासात बसवायला कुठलं पद ठेवता येईल ते दिग्दर्शकाला इंग्रजीतून अर्थासकट सांगायचं, आणि टीव्हीवर खाली येणाऱ्या ओळींसाठी तो अर्थ लिहून द्यायचा.

अंबत्तूरहून गिंडीला जायचं म्हणजे गाडी बदला, जिना चढा, पुन्हा गाडी पकडा. पण मी आनंदाने जायची. मामी स्टीलच्या पेल्यात कापी, म्हणजे कॉफी द्यायच्या, एक पद गायच्या, मी अर्थ विचारायची, त्या भूगोलाच्या तासासारखा समजावून सांगायच्या आणि शेवटी विचारायच्या, कळलं का? नाही कळलं तर नाही म्हण, मान नको हलवू. नव्या गावात मला वेडं म्हणायला हक्काचं माणूस मिळालं होतं. त्याची किंमत ज्याला परक्या गावी संसार करावा लागला त्यालाच कळेल.

असंच एकदा गाता गाता त्या थांबल्या. गळ्याभोवती पदर का घट्ट असतो ते मला त्या दिवशी दिसलं. पदर बाजूला करून त्यांनी दाखवलं. गळ्याशी लिंबाएवढी गाठ.

“काढायची आहे,” त्या म्हणाल्या. “डॉक्टर सांगतो, आवाज राहील, न राहील. सून मागे लागलीय, आजच काढा म्हणून. मी म्हटलं, आधी खेळ. हा खेळ अस्का, पहिल्यापासून शेवटच्या मंगलापर्यंत, एकदा टेपवर उतरलेला मला बघायचाय. मग गळ्याचं व्हायचं ते होवो.”

सून स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. तिने माझ्याकडे असं बघितलं की जणू ती गाठ मीच साताऱ्याहून आणली. तिचं काय चुकलं? माझी सासू असती तर मीही तसंच बघितलं असतं. मी दिग्दर्शकाला जाऊन सांगितलं, बाबा रे, जे करायचं ते लवकर कर. त्यानेही शहाण्यासारखं ऐकलं. स्टुडिओचा दिवस ठरला आणि त्याच आठवड्याच्या शेवटी ऑपरेशनचा.

भांडण पेटलं ते शेवटावरून. दिग्दर्शकाचं म्हणणं, विलाप संपतो, पडदा काळा, बस्स. माणसाने टीव्हीसमोर सुन्न बसून राहिलं पाहिजे. शोकान्त म्हणतात तो यालाच. मामी म्हणाल्या, विलापानंतर मंगल झालंच पाहिजे. त्यांच्या घरची रीत अशी, की विलाप गाणाऱ्या आईनेच मंगल सुरू करायचं आणि गाता गाता मेलेल्या लेकीचा हात धरून तिला उठवायचं. लेकीचं सोंग घेतलेल्या मुलीने आपणहून उठायचं नाही. तिला उठवावं लागतं. मग सगळ्यांनी एका ओळीत उभं राहून बघणाऱ्यांचं भलं चिंतायचं, आणि त्यानंतरच कुणीही घरी जायचं. तोपर्यंत मांडवाबाहेर पाय काढायचा नाही, मांडीवरचं पोर रडत असलं तरी.

दोघं तमिळमधून भांडत होती आणि मला, जिला समजावून सांगायला ठेवलं होतं तिला, निम्मंच कळत होतं. एवढं कळलं की दिग्दर्शक म्हणाला, मेलेली जर उठणारच असेल तर मारायची कशाला?

“राजाची लेक मेली, ती उठत नाही,” मामी म्हणाल्या. “शेजाऱ्यांची पोर तिथे पडून राहिलीय, ती उठते.” मग माझ्याकडे वळून मराठीत म्हणाल्या, “जेवायला बोलावून हात धुवायला पाणी न देता पाठवतात का कुणी? रडवावं की. पण रडवून घरी पाठवू नये.”

दिग्दर्शक ‘सरि’ म्हणाला, म्हणजे बरं, घेऊन ठेवू. माझा नवरा ‘रविवारी बघू’ म्हणतो, अगदी त्याच सुरात.

टीव्हीचं काम उलट्या पावलांनी चालतं हे मला स्टुडिओत कळलं. सेटच्या ज्या मांडणीवर दिवे लागले तिथलं सगळं एकदम उरकून घ्यायचं, मग गोष्टीत ते कुठेही असो. मंगलात नाचणाऱ्या मुली दुपारपर्यंतच मोकळ्या होत्या, म्हणून मंगल सकाळीच झालं. लेकीचं काम करणारी नटी मालिकांमधून घराघरांत पोचलेली. गोड मुलगी, मराठीचा गंध नाही. मामींनी तिला हात धरून उठवलं, सगळे ओळीत उभे राहिले, मामी गायल्या, सुरेख झालं. मामी जरा गोंधळल्या होत्या, मेल्याआधीच कसं उठवायचं म्हणून, पण परक्याच्या घरी वागावं तसं सांगतील ते करत राहिल्या.

विलाप जेवणानंतर घेतला. ‘ऊठ गे बाळे, दिवा लाविला नाहीं’ एवढी एकच ओळ त्यात फिरून फिरून येते. तिचा अर्थ मी इतके दिवस कागदावर खरडत होते, कधी काही वाटलं नव्हतं. वाटायचं, घरातली साधी हाक आहे. मामींनी ती पहिल्यांदा हाकेसारखीच म्हटली, लेक झोपलीय अशा आवाजात. मग पुन्हा, जरा चिडून. तिसऱ्या खेपेला त्यांना कळलेलं असतं. मी तिथे खांबाला टेकून ढसाढसा रडले आणि मला लाजही वाटली नाही. वर दिवे सांभाळणारी माणसं खाली वाकून बघत होती. गाणं संपून गेलं तरी दिग्दर्शकाला ‘कट’ म्हणायचं सुचेना.

मग सुचलं, आणि नेहमीची पळापळ सुरू झाली. नटीला पलीकडच्या स्टुडिओत मालिकेचं काम होतं, ती उशीर झाल्यामुळे घाबरी झालेली. डोळे पुसत उठली, कपड्यांवर शाल ओढली आणि गेली. मामी डोळे मिटून बसल्या होत्या. उघडले तर समोर नुसती गादी.

“पोर कुठे?”

“गेली, मामी. दुसऱ्या शूटिंगला.”

“कुणी उठवलं?”

“कुणी म्हणजे, आपली आपण उठली.”

मामींचा चेहरा असा झाला की मी दिग्दर्शकाला हाक मारली. दिग्दर्शक समजूत घालायला आला. मंगल सकाळी घेतलंय की, टेपवर आहे, अगदी छान आलंय. मामी म्हणाल्या, “तुझ्या टेपचं मंगल झालं. पोरीचं कुठे झालं?”

आणि गुडघ्यांवर हात देऊन उठल्या, राणीच्या जरतारी लुगड्यात, अनवाणी, निघाल्या फाटकाकडे. मी मागे धावले. नशीब असं की फाटकातून मांडणीच्या फळ्या भरलेली एक लॉरी आत शिरत होती आणि नटीची गाडी अडकून पडली होती. मामींनी काचेवर टकटक केलं. पोरीने दार उघडलं तशी तिचा हात धरून तिला बाहेर रस्त्यावर घेतलं आणि तिथेच, धुळीत, मंगल सुरू केलं. लॉरीवाल्याने एकदा हॉर्न वाजवला. मग त्याने बाहेर बघितलं आणि इंजिनच बंद केलं. ओळीत उभं राहायचं असतं म्हणून मी मामींच्या शेजारी उभी राहिले. वॉचमनने टोपी काढली. दिग्दर्शक आला, खिशात हात घालून जरा वेळ उभा राहिला, मग त्याने हात बाहेर काढले आणि जोडले. नटीच्या हातातला फोन वाजत होता, तो तिने वाजू दिला. गाणं संपल्यावर ती मामींच्या पाया पडली आणि गाडीत बसली.

मला त्या दिवशी या गावाबद्दल जे वाटलं ते मी नवऱ्याला धड सांगू शकले नाही. हॉर्न बंद करणारी माणसं आहेत इथे, एवढंच म्हणाले. तो म्हणाला, कुठल्या रस्त्यावर?

शेवट काळ्या पडद्यावर करायचा हट्ट दिग्दर्शकाने आपणहून सोडला. ऑपरेशनच्या आदल्या दिवशी त्याने मामींना फोन केला आणि त्यांचाच शब्द त्यांना सांगितला, अस्कं ठेवलंय. मामी दवाखान्यात हसत गेल्या.

गाठ साधी निघाली, देव पावला. पण आवाज परतला नाही. परतला तो घमेल्यातून वाळू ओढावी तसा, शेजारी बसलेल्यालाच ऐकू जाईल एवढा. डॉक्टर म्हणाला, थांबून बघू. सून दवाखान्याच्या जिन्यात माझ्या खांद्यावर डोकं ठेवून रडली. आमची दोघींची मैत्री तिथे झाली, आणि ती अजून आहे. मामी मात्र कुजबुजत्या आवाजात म्हणाल्या, बरं झालं निवृत्त झाले, नाहीतर पोरी डोक्यावर बसल्या असत्या. मग म्हणाल्या, खेळ उतरलाय ना, मला काही नको. टीव्हीवर लागेल तेव्हा सांग, बघू.

आणि लागायच्या तीन-चार दिवस आधी दिग्दर्शकाचा मला फोन आला. आवाज पडलेला. चॅनेलला जाहिरातींना जागा हवी होती. त्यांनी शेवटची मिनिटं उडवली होती. कार्यक्रम विलापावर संपणार होता. “मला आधी जसा हवा होता अगदी तसा,” तो म्हणाला. “आणि आता मला डोकं आपटून घ्यावंसं वाटतंय.” तो चॅनेलमध्ये भांडून आला होता, हातापाया पडून आला होता. मामींना सांगायची त्याची छाती नव्हती. सांगायला कुणाला सांगणार, मलाच.

मी गिंडीला गेले. मामी कढीपत्त्याची पानं काढत बसल्या होत्या. मी आढेवेढे न घेता सांगून टाकलं. त्यांनी हातातली काडी संपवली, मग दुसरी घेतली, तीही संपवली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. एका आवाजाच्या बदल्यात या बाईने एक गोष्ट मागितली होती, आणि तीही तिला धड मिळत नव्हती.

मग त्यांनी मला जवळ बोलावलं, कारण लांबून ऐकू येत नसे. “टीव्हीला रडू दे,” त्या म्हणाल्या. “मंगल आपण घरी करू. अस्क्यांना बोलव.”

त्या रविवारी संध्याकाळी गिंडीच्या त्या छोट्या खोलीत चपलांना जागा उरली नाही. दिग्दर्शक आला, कॅमेरावाला आला, दिव्यांची माणसं आली. नटी जीन्स घालून आली आणि जमिनीवर बसली. माझा नवरा स्कूटरवरून मला घेऊन आला आणि परत न जाता कोपऱ्यात टेकला. सुनेने सगळ्यांना लिंबूभात दिला. मामी टीव्हीच्या अगदी समोर चटईवर बसल्या होत्या. विलाप सुरू झाला तसे त्यांचे ओठ हलायला लागले. टीव्हीतून त्यांचा तो भरदार आवाज खोलीभर पसरत होता आणि ओठांतून काही येत नव्हतं. आम्ही टीव्ही बघायचा सोडून त्यांच्याकडे बघत होतो.

शेवटची ओळ संपली न संपली तोच साबणाची जाहिरात नाचायला लागली. सुनेने उठून टीव्ही बंद केला.

रीत ठाऊक सगळ्यांना होती. विलाप गाणाऱ्याने मंगल सुरू करायचं. मामींनी तोंड उघडलं. नुसती हवा आली. त्यांनी पुन्हा उघडलं, पुन्हा हवा. खोलीत कुणी कुणाकडे बघेना. मग त्यांनी माझ्याकडे बघितलं.

मी गाणारी नाही. शाळेत प्रार्थनेला बाई मला सांगायच्या, तू फक्त ओठ हलव. पण त्या खोलीत मंगलाचे मराठी शब्द मामींखेरीज फक्त माझ्या तोंडात होते. मुलाला आणि सुनेला ते कधी शिकायचं सुचलंच नव्हतं. मी उभी राहिले आणि सुरू केलं, ‘मंगल हो या घरा, मंगल हो या दारा’. सूर कुठे होता देव जाणे. पण नटी उठली, दिग्दर्शक उठला, एकेक करत सगळे उठले आणि ओळ झाली. नवराही त्या ओळीत जाऊन उभा राहिला.

मामी उठल्या नाहीत. मला वाटलं, गुडघे दुखत असतील. मी गात राहिले. त्यांनी चटईवर बसल्या बसल्या उजवा हात वर केला आणि माझ्यापुढे धरला.

मला कळायला पुढची ओळ जावी लागली. मंगल गाणाऱ्यानेच हात धरून उठवायचं असतं. आयुष्यात मला पुष्कळांनी पुष्कळ दिलंय, मी कुणाचं नाकारत नाही. पण मला उठव, तू उठवू शकतेस, असं म्हणून माझ्यापुढे कुणी हात केला नव्हता. गाता गाता मी त्यांच्याजवळ गेले, तो हात दोन्ही हातांनी धरला आणि ओढला. त्या सावकाश उठत होत्या, गुडघे सरळ होईनात, म्हणून मी तीच ओळ पुन्हा घेतली, पुन्हा घेतली, त्या पुरत्या उभ्या राहीपर्यंत. मग त्या माझ्या शेजारी ओळीत उभ्या राहिल्या आणि त्यांचे ओठ माझ्या शब्दांबरोबर हलायला लागले. मंगल संपलं, आणि सगळे घरी गेले.